अमेरिकेत वाढणारी मुलं "ना इकडची ना तिकडची" होतात, यावर खरंच कुणी अभ्यास केलाय का?

सनीवेलची_सई:

नमस्कार मंडळी, मी इथे बहुतेक वाचनमात्र असते पण आज विचारतेच. आम्ही बे एरियात, मुलगा आठवीत, मुलगी चौथीत. परवा फोनवर नणंदबाईंनी नेहमीचं पालुपद लावलं, तुमची पोरं ना धड इकडची ना धड तिकडची, मोठेपणी त्यांचं त्यांनाच कळायचं नाही आपण कोण ते. मी हसून सोडून दिलं पण डोक्यात राहिलं. कारण माझा मुलगा रविवारी मराठी शाळेत सगळी उत्तरं इंग्लिशमधे देतो, डब्यात पोळीभाजी अजिबात नको म्हणतो, आणि हाच मुलगा गणपतीत ढोल पथकात कंबरेला वळ उठेपर्यंत वाजवतो आणि घरी येऊन आजीला व्हिडिओ कॉलवर सगळं मराठीत रंगवून रंगवून सांगतो. मग हा कुठला म्हणायचा?

पालकत्वाचे सल्ले नकोत प्लीज, ते व्हॉट्सअ‍ॅपवर ढिगाने येतात. मला विचारायचंय की स्थलांतरितांच्या मुलांवर कुणी शाळेत जाऊन बसून, घरी जाऊन, पालकांशी शिक्षकांशी बोलून असा नीट अभ्यास केलाय का. अँथ्रोपॉलॉजीवाले असंच करतात ना? एक मैत्रीण म्हणाली 'थर्ड कल्चर किड्स' म्हणून शोध, ते शोधलं तर सगळे कोचिंगवाले नि रिलोकेशन कंपन्याच आल्या.

फील्डनोट्सवाला:

सईताई, थर्ड कल्चरच्या वाटेला जाऊ नका, ते तुमच्यासाठी नाहीच. गंमत अशी की ती कल्पना निघाली भारतातूनच. रूथ हिल युसीम आणि त्यांचे यजमान जॉन युसीम, मिशिगन स्टेटचे दोघं, १९५० च्या दशकात भारतात आले, इथे राहणाऱ्या अमेरिकन लोकांचा अभ्यास करायला, म्हणजे सरकारी नोकरीवाले, मिशनरी, कंपन्यांची माणसं वगैरे. ही मंडळी परमुलखात आपसात जी एक वेगळीच राहणी उभी करतात तिला त्यांनी तिसरी संस्कृती म्हटलं, आणि त्यात वाढणारी पोरं ती थर्ड कल्चर किड्स. पण ती पोरं परत जाणारी होती, बापाची बदली झाली की गाशा गुंडाळला. तुमची पोरं तिथेच राहणार, तिथेच मतदान करणार, तिथेच कर्ज काढून घर घेणार. सगळा मामलाच वेगळा.

तुम्हाला हवंय ते मार्गारेट गिब्सन यांचं काम. बाई मानववंशशास्त्रज्ञ, सांताक्रूझच्या युनिव्हर्सिटी ऑफ कॅलिफोर्नियात प्राध्यापक होत्या. १९८० च्या सुरुवातीला त्यांनी तुमच्याच राज्यात, सॅक्रामेंटो खोऱ्यातल्या एका शेतीच्या गावात फील्डवर्क केलं, गावाला पुस्तकात 'व्हॅलीसाइड' असं टोपणनाव दिलंय. पंजाबी शीख शेतकऱ्यांची, बागांमधे राबणाऱ्या मजुरांची मुलं आणि गावातलं हायस्कूल. १९८८ ला कॉर्नेलने छापलेलं 'अकोमोडेशन विदाउट असिमिलेशन' ते हेच.

त्यात जे निघालं ते त्या काळच्या शिक्षणवाल्यांच्या गळी उतरणारं नव्हतं. आईबापांना इंग्लिश जेमतेम, पैसा बेताचा, शाळेत गोऱ्या पोरांकडून छळ भरपूर, म्हणजे "आपल्या देशात जा" म्हणणं, थुंकणं, अंगावर खाण्याच्या वस्तू फेकणं असला छळ. शिक्षकांचं म्हणणं काय, तर ही मुलं मिसळत नाहीत, खेळात नाचात भाग घेत नाहीत, घरचे त्यांना स्वतःचे निर्णय घेऊ देत नाहीत, म्हणून मागे पडतात. प्रत्यक्षात जी मुलं अमेरिकेत जन्मलेली किंवा लहानपणीच आलेली होती ती हायस्कूल पूर्ण करण्यात गोऱ्या वर्गमित्रांच्या बरोबरीने, कधी जास्तच. अडकत होती ती उशिरा आलेली, ज्यांना वरच्या वर्गात एकदम इंग्लिशमधून विज्ञान गणित करावं लागलं.

आणि हे झालं कसं, तर गोऱ्यांसारखं होऊन नव्हे. घरचं धोरण एकदम पक्कं होतं: शाळेत नियम पाळा, इंग्लिश शिका, कुणी डिवचलं तर दुर्लक्ष करा, मारामारी करू नका, पण घरी आलात की पंजाबी. वाया गेलास तर शाळेतून काढून शेतावर लावू किंवा लग्न उरकू ही धमकीही होतीच, ते काही सगळं गोड गोड नाही. मार्क कमी पडले की दोष मास्तरांचा नाही, पोराचा. गिब्सनबाईंनी तिथल्या लोकांच्या तोंडची म्हण दिलीय, कपडे लोकांना आवडतील ते घाला, खा मात्र आपल्या मनाचं. (तुमच्या चिरंजीवांनी ती उलटी केली एवढंच!)

थोडक्यात त्यांनी असं दाखवलं की मूल नवीन पद्धत जुन्याच्या जागी नाही, जुन्याच्या जोडीला घेऊ शकतं. पुढे १९९३ ला पोर्टेस आणि झोऊ या समाजशास्त्रज्ञांनी दुसऱ्या पिढीबद्दल जो गाजलेला सिद्धांत मांडला, की सगळी मुलं एकाच वाटेने अमेरिकन होत नाहीत, त्यात हे व्हॅलीसाइडचं उदाहरण अगदी ठळक आहे.

युबासिटीजवळचा:

अरे वा आमच्या पट्ट्याचा विषय. सॅक्रामेंटो खोऱ्यातच असतो मी, पीच आणि अक्रोडच्या बागा, नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारी युबा सिटीत नगरकीर्तन निघतं तेव्हा गाडी लावायला जागा मिळत नाही आणि लंगर तर इतका की घरून जेवून येणारा गाढवच म्हणायचा.

पण सईताई, गिब्सनबाईंच्या आधीची गोष्ट वाचा, ती त्याहून भारी आहे. कॅरन लेनर्ड, या पण अँथ्रोपॉलॉजिस्ट, अर्व्हाइनच्या युनिव्हर्सिटी ऑफ कॅलिफोर्नियातल्या. १९९२ चं पुस्तक, 'मेकिंग एथनिक चॉइसेस'. विषय असा की १९०० नंतरच्या दहा-पंधरा वर्षांत पंजाबी पुरुष कॅलिफोर्नियात शेतीकामाला आले. १९१७ च्या कायद्याने भारतातून येणं बंद, म्हणजे बायका आणायची सोयच नाही. १९१३ च्या राज्याच्या कायद्याने नागरिकत्वाला अपात्र असलेल्या परदेशी माणसाला शेतजमीन घेता येईना, आणि १९२३ ला थिंद खटल्यात सुप्रीम कोर्टाने सांगितलं की भारतीयांना नागरिकत्व नाही. गोऱ्या बाईशी लग्नाला कायद्याची आडकाठी. मग यांनी लग्नं केली मेक्सिकन बायकांशी, कारण कौंटीच्या क्लार्कला दोघांचा रंग सारखाच दिसायचा. जास्त करून दक्षिणेला इंपीरियल व्हॅलीत, काही आमच्या इकडे.

आता त्यांची पोरं बघा. नाव मारिया किंवा होजे, आडनाव सिंग. घरात भाषा स्पॅनिश, कारण बापच शेतात मजुरांशी बोलून स्पॅनिश शिकलेला, पंजाबी शिकवायला वेळ कुणाला होता. रविवारी आईबरोबर कॅथलिक चर्च, आणि सणाला सगळे मिळून स्टॉकटनच्या गुरुद्वाऱ्यात. स्वयंपाकात रोटी आणि चिकन करी, बापाने आईला शिकवलेली. आणि विचारलं तू कोण तर उत्तर "हिंदू", कारण त्या काळी अमेरिकेत भारतातून आलेल्या कुणालाही हिंदूच म्हणायचे, शीख असो की मुसलमान. लेनर्डबाईंनी मुलाखती घेतल्या तेव्हा ही पोरं चांगली म्हातारी झाली होती, पण ती स्वतःला गोंधळलेली वगैरे समजत नव्हती, आम्ही हिंदू आहोत असं ठणकावून सांगायची.

गोंधळ उडाला तो इतरांचा. १९४६ ला कायदा बदलला, १९६५ नंतर तर पंजाबातून अख्खी कुटुंबं यायला लागली, आणि या नव्या लोकांना ते पटेना. हे कसले भारतीय, यांना पंजाबी येत नाही, हे चर्चमधे जातात! म्हणजे तुमच्या नणंदबाईंचं वाक्य आमच्या खोऱ्यात पन्नास वर्षांपूर्वीच बोलून झालंय, आणि बोलणारे होते नवीन आलेले.

नाना_डोंबिवलीकर:

सगळं वाचलं, छान आहे, पण राव, हे शेतमजुरांचं तुम्ही सॉफ्टवेअरवाल्यांना का लावताय? बे एरियातला मराठी माणूस म्हणजे इंजिनीअरिंग करून, जीआरई देऊन, एच-१बी वर आलेला, इथे असतानाच तो वरच्या पाच टक्क्यांतला. त्याचं पोरगं शिकलं तर त्यात संस्कृतीचा काय पराक्रम? ते डोंबिवलीत राहिलं असतं तरी शिकलंच असतं. मला तर हा मॉडेल मायनॉरिटीचा जप वाटतो, आपण संस्कारी म्हणून पुढे गेलो आणि बाकीचे मागे राहिले ते त्यांच्या कर्माने.

आणि भाच्याच्या लग्नात न्यूजर्सीची पोरं आली होती, डीजेवर झिंगाट लावलं की नाचतात, गुरुजींनी सांगितलं की बसतात, बाकी वेळ मोबाईल. आपली इथली पोरं तरी काय वेगळं करतात म्हणा.

फील्डनोट्सवाला:

नाना, मुद्दा रास्त आहे आणि त्याचं उत्तर शोधायला जॉन ओग्बूकडेच जावं लागतं. ओग्बू मूळचे नायजेरियाचे, बर्कलीला मानववंशशास्त्राचे प्राध्यापक, २००३ ला गेले. त्यांचं म्हणणं असं की एखाद्या गटाची मुलं शाळेत कशी वागतात ते त्या गटाच्या "संस्कृती"वरून ठरवू नका, तो गट त्या समाजात आला कसा ते आधी बघा. स्वतःहून बरं आयुष्य शोधत आलेले आणि गुलामीने, जिंकून किंवा जन्माने खालच्या पायरीवर बसवलेले, यांचं शाळेशी नातं वेगळं असतं. पहिल्याला वाटतं त्रास तात्पुरता आहे, गावाकडे यापेक्षा वाईट होतं, शिकलो की सुटलो. दुसऱ्याने आजोबा शिकून काही मिळालं नाही हे डोळ्याने पाहिलेलं असतं.

आणि हे नुसतं अमेरिकेबद्दल नाही हं. १९७८ च्या पुस्तकाचं नावच 'मायनॉरिटी एज्युकेशन अँड कास्ट', त्यात अमेरिकेतले काळे, ब्रिटनमधले वेस्ट इंडियन, न्यूझीलंडचे माओरी, जपानचे बुराकू (तिथले अस्पृश्य मानले गेलेले), इस्राएलमधले पूर्वेकडचे ज्यू आणि भारतातले अनुसूचित जातींचे लोक अशी तुलना आहे. म्हणजे नाना तुम्ही म्हणताय तेच, संस्काराचा जप बाजूला ठेवा. गिब्सन आणि ओग्बूंनी १९९१ ला मिळून एक संपादित पुस्तकही केलं.

माझं विचाराल तर ओग्बूंची ही दोन खणांची मांडणी जरा जास्तच घट्ट आहे. निर्वासित कुठल्या खणात टाकणार? एच-१बी वाल्याबरोबर कुणी न विचारता आणलेला दहा वर्षांचा पोरगा स्वखुशीने आला का? आणि एकाच गटात जात, पैसा, मुलगा की मुलगी याने केवढा फरक पडतो. टीकाकारांनी हे सगळं ओग्बूंना सुनावलेलं आहे.

अजून एक, सुआरेझ-ओरोझ्को दांपत्य. मार्सेलो मानववंशशास्त्रज्ञ, मूळ अर्जेंटिनाचे, कॅरोला मानसशास्त्रज्ञ. चीन, हैती, डॉमिनिकन रिपब्लिक, मेक्सिको आणि मध्य अमेरिकेतून आलेली ४०० मुलं त्यांच्या टीमने पाच वर्षं धरून ठेवली, २००८ ला पुस्तक आलं. त्यातला मला सगळ्यात लागलेला आकडा म्हणजे साधारण ८५ टक्के मुलं येताना आईपासून किंवा बापापासून किंवा दोघांपासून काही काळ तुटलेली होती, काही महिने ते काही वर्षं. आई आधी गेली, मूल आजीकडे, मग एक दिवस विमानात बसवलं आणि विमानतळावर जी बाई घ्यायला आली ती आई. आपण संस्कृतीच्या नावाने गळा काढतो आणि त्या पोराची भानगड वेगळीच असते, त्याने आत्ताच आजी गमावलेली असते.

एडिसनची_नात:

मी न्यूजर्सीत वाढले, आता पंचविशीत आहे, मराठी टाइप करायला वेळ लागतो सो चुका पोटात घाला. नानाकाका झिंगाटवर नाचणारी मीच असेन बहुतेक :)

मला त्या सगळ्या थिअरीपेक्षा कॉलेजमधे वाचलेली एक गोष्ट एकदम घरची वाटली. मार्जोरी ओरेयाना म्हणून आहेत, यूसीएलएच्या, त्यांनी शिकागो आणि लॉस एंजेलिसमधली मुलं बघितली जी आईवडिलांसाठी भाषांतर करतात. बँकेची पत्रं, डॉक्टर, घरमालकाचा फोन. बऱ्याच लोकांना वाटतं की बिचारी मुलं, लहानपण गेलं. त्या म्हणतात मुलांना ते नुसतं घरकामासारखं वाटतं, केर काढणं तसं हे, आणि त्यात मुलं खूप काही शिकतात. पण पॅरेंट टीचर मीटिंगमधे मूलच स्वतःबद्दलचं भाषांतर करतं तेव्हा काय होतं माहितीये? वाटतं की मुलं स्वतःची स्तुती वाढवून सांगतील. उलटं झालं, टीचरने कौतुक केलं तर ती ते कमी करून सांगत होती आणि चूक असली तर अंगावर घेत होती.

माझे आईबाबा इंजिनीअर, त्यांना माझी गरज नव्हती. पण माझी आजी सहा महिने यायची. तिचं गुडघ्याचं दाखवायला गेलो की आई ऑफिसमधे आणि मी आत. डॉक्टरने विचारलं दुखणं एक ते दहा मधे किती, आजी म्हणाली "अगं आता वयाप्रमाणे चालायचंच, त्यांना सांग फार नाही", आणि मी बघत होते की तिला खुर्चीतून उठताना माझा हात लागतोय. मी सेव्हन सांगितलं. त्या वयात आपण मराठी की अमेरिकन असा प्रश्न मला पडला नव्हता, तो पडायचा फक्त एसे लिहिताना कारण टीचरला तेच हवं असायचं.

सईमावशी तुमचा मुलगा डब्याचं करतो ते मी पण केलंय. वास येतो म्हणतात मुलं. बाकी काही नाही.

सनीवेलची_सई:

बाप रे, एवढं येईल असं वाटलं नव्हतं. नानांचा मुद्दा मला बोचला पण खरा आहे, आमच्या मंडळाच्या कार्यक्रमात आम्ही "आपली मुलं बघा कशी शिकली" म्हणतो तेव्हा आमच्याच गल्लीत लॉन कापायला येणाऱ्याचा मुलगा कुठल्या शाळेत जातो हे कुणाला ठाऊक नसतं. आणि डब्याच्या वासाचं मुलाने मला कधी सांगितलंच नाही, मी समजत होते त्याला भाज्याच आवडत नाहीत. आज विचारेन.

एक शंका, गिब्सन यांनी मुलींबद्दल काय लिहिलंय? मला धाकटीची जास्त काळजी आहे.

फील्डनोट्सवाला:

मुलींवर पहारा कडक होता, इज्जत नावाचं ओझं त्यांच्याच डोक्यावर, मुलांसोबत बोलताना दिसली तरी गावभर चर्चा. शिकायला ना नव्हती पण लग्न समोर उभं असायचंच. विज्ञान गणिताच्या पुढच्या वर्गांना मुलगे जास्त दिसत होते. पण तो काळ १९८० चा हे धरून वाचा, आजच्या सनीवेलला तसंच्या तसं लावू नका.

ऊसपट्ट्यातला_मास्तर:

उशिरा आलो धाग्यावर. सगळे समुद्रापलीकडचं बोलताय म्हणून जरा आमच्याकडचं सांगतो. मी जिल्हा परिषदेच्या शाळेत, कारखान्याच्या जवळ. दिवाळी झाली की बीडकडून, जालना परभणीकडून ऊसतोडीच्या टोळ्या येतात, मुकादमाकडून उचल, म्हणजे आगाऊ पैसे, घेतलेली असते, नवरा-बायको मिळून एक कोयता, आणि कोपीत, म्हणजे झोपडीत, त्यांची पोरं. मार्चएप्रिलला पट्टा पडला, म्हणजे हंगाम संपला, की परत. भाषा एकच मराठी, राज्य एकच, तरी आमची पोरं त्यांना "कोयत्याची पोरं" म्हणून वेगळी बसवतात. बंजारा पोरं असली तर घरात गोरमाटी, शाळेत आमची मराठी.

त्या एडिसनच्या ताईंनी जे सांगितलं ते वाचून एक पोरगी डोळ्यासमोर आली, सहावीतली. हजेरी निम्मी, कारण धाकटं भावंडं सांभाळायला कोपीवर थांबायची. पण गणितात मला कधी हिशोबात फसली नाही. एकदा कोपीवर गेलो तर बाप वजनाची पावती तिच्या हातात देऊन समोर उकिडवा बसलेला. तिने टन वाचले, वहीत मांडले, मागच्या खेपांत मिळवले, मुकादमाने सांगितलेल्या आकड्याशी ताडून बघितले आणि बापाला म्हणाली, "कमी धरलंय त्यानं, पर आत्ता बोलू नका, सगळ्यांच्या म्होरं बोला." बारा वर्षाची पोरगी! शाळेच्या कागदावर ती "अनियमित".

नाना, तुमच्या मुद्द्याचा हा खरा पुरावा बघा, हुशारी आणि संस्कार दोन्ही होते, उचल मात्र बापाच्या डोक्यावर होती.

एडिसनची_नात:

मास्तरकाका, मग ती परत गावी गेली की तिकडच्या शाळेत तिला घेतात का? की पहिल्यापासून?

ऊसपट्ट्यातला_मास्तर:

घेतात. शिक्षण हमी पत्रक असतं, गावाकडची शाळा ते देते, इकडे दाखवलं की बसवून घ्यायचं, आणि जाताना आम्ही त्यावर काय शिकवलं ते भरून परत देतो. गावात हंगामी वसतिगृहं पण काढलीत सरकारनं, म्हणजे पोरांनी आजीआजोबांजवळ राहायचं आणि जेवणाची सोय शाळेत. पण मुलगी मोठी झाली की आई तिला मागे ठेवायला घाबरते, सोबत नेते, आणि नेलं की कोपीवरचं काम तिच्याच गळ्यात. पत्रक घेऊन येणारी पोरं थोडी, बाकीच्यांचं नाव तिकडच्या पटावर तसंच राहतं, गुरुजी हजेरी लावत बसतात आणि पोरगं इकडं वाढं (उसाचे शेंडे) गोळा करत हिंडतं. मी आता दर हंगामात पहिल्या आठवड्यात स्वतःच कोप्यांवर चक्कर मारतो, मुकादमाला आधी चहा पाजायचा, मग पोरांची नावं लिहून घ्यायची. मुकादम हो म्हणाला की आया पाठवतात.